तीन अक्षरांचं हसू

निवृत्तीपूर्वीच्या माझ्या शेवटच्या नेमणुकीतली ती दुपार मी विसरलेलो नाही. सोलापूर शहरातल्या एका पोलीस ठाण्याचा मी प्रभारी होतो. ऊन रणरणत होतं. ठाणे अंमलदारासमोर नेहमीची गर्दी होती. कुणाची मोटारसायकल चोरीला गेलेली, कुणाला हरवलेल्या मोबाइलचा दाखला हवा. त्या गर्दीत एक पन्नाशीचा माणूस उभा होता आणि त्याच्यामागे ओढणीने चेहरा बांधलेली एक तरुण मुलगी. आमच्याकडे उन्हातून येणाऱ्या मुली तोंड बांधूनच येतात, पण आत आल्यावर सोडतात. हिने सोडलं नव्हतं. मी दोघांना माझ्या खोलीत बोलावलं.

"साहेब, ही माजी लेक," तो माणूस म्हणाला. "मास्तरीण हाय. तिची तक्रार द्याची हाय, पर ती बोलंना झालीय."

"बोलत नाही म्हणजे? आजारी आहे का?"

"न्हाय जी. बोलाय येतंय की. लई चांगलं येतंय. पर बोलंना."

मी आमच्या महिला उपनिरीक्षकांना बोलावून घेतलं. पाणी मागवलं. मुलीने पाणी घेतलं, ओढणी हनुवटीपर्यंत खाली केली आणि टेबलाकडे बघत बसली. मग वडिलांनीच सगळं सांगितलं.

त्यांचं गाव उजनी धरणाच्या फुगवट्यावर. नदीतून शेतात पाणी उचलणाऱ्या मोटारींच्या दुरुस्तीचं त्यांचं काम. मुलगी सोलापुरात शिकली, बी. एस्सी. झाली, बी. एड. झाली आणि एका खासगी शाळेत गणिताची तात्पुरती शिक्षिका म्हणून लागली. सुट्टीत गावी गेली की शेजारपाजारची पोरं वह्या घेऊन दारात यायची. बीजगणित आलं की ती वही मिटायची. त्यांना तालुक्याला शिकवणी लावणं जमणारं नव्हतं, म्हणून हिने मोबाइलवर धडे तयार करून टाकायला सुरुवात केली. भिंतीवर फळा, आणि बोली त्या पोरांचीच. "हितं एक्स हाय. एक्स म्हंजी आपल्याला ठावं न्हाय त्यो आकडा. त्येला आता एकटा पाडायचा." एवढं साधं. माढा-करमाळ्याकडची मुलं ते धडे बघू लागली. मुलांना समजत होतं, म्हणून बघत होती.

मग कुणीतरी तिच्याच नावाने, तिचाच फोटो लावून दुसरं खातं उघडलं. तिच्या धड्यांचे तुकडे कापून त्यावर टाकले. एकात तिचं 'न्हाय' पुन्हा पुन्हा वाजवलं होतं आणि मध्ये गाढवाचं ओरडणं घातलं होतं. पुढच्या तुकड्यांत तिच्या ओठांवर दुसऱ्याच बाईचा आवाज बसवला, आणि त्या आवाजात जी वाक्यं होती ती मी इथे लिहिणार नाही. ती तिच्या वडिलांनी बघितली होती, एवढं सांगितलं तरी पुरे.

लोकांनी ते तुकडे हातोहात पुढे पाठवले. खाली हसण्याचा नुसता पाऊस. शाळेतल्या पालकांपर्यंत गेलं. शाळेने "थोडे दिवस विश्रांती घ्या" असं सांगून तिला घरी बसवलं. एसटीत पोरं मागून "मॅडम, एक्सला एकटा पाडा की" म्हणायची. तिला थेट घाण संदेश येत होते. एक खातं बंद केलं की दुसऱ्यावरून. हळूहळू ती वर्गात बोलायची थांबली, मग फोनवर, मग घरात.

आम्ही ते तुकडे मोबाइलवर बघत असताना दारात उभा असलेला माझा एक शिपाई गाढवाचा आवाज ऐकून फिसकन हसला. त्या मुलीची मान आणखी खाली गेली. मी शिपायाला बाहेर काढलं. त्यानंतर त्याला मी काय बोललो, ते ठाण्यातल्या सगळ्यांना ऐकू गेलं.

कायद्याचं सांगतो. हसण्याला कलम नाही, आणि नसावंही. कुणाच्या हसण्यावर पोलीस पाठवायचा म्हटलं तर या देशात राहणं कठीण होईल. पण दुसऱ्याच्या नावाने खातं उघडणं हा गुन्हा आहे. बाईच्या तोंडी अश्लील बोलणं घालून ते पसरवणं हा गुन्हा आहे. तिने नको म्हटल्यावरही नव्या नव्या खात्यांवरून तिच्या मागे लागणं हाही गुन्हा आहे. गुन्हा दाखल होणार होता, पण फिर्याद तिची हवी होती.

उपनिरीक्षक तिच्या शेजारी खुर्ची ओढून बसल्या. "ताई, तुमच्या शब्दांत सांगा. घाई नाही."

टेबलावरच्या मोबाइलकडे बघत ती पुटपुटली, "रेकॉर्डिंग करणार का?"

"नाही. मी लिहून घेते. तुम्ही वाचा, पटलं तर सही करा."

मग ती बोलली. एकदम पुस्तकी मराठीत बोलली. प्रत्येक 'नाही'च्या आधी थांबायची, शब्द तपासायची आणि मग बाहेर काढायची. 'आहे' म्हणताना 'ह'वर नको इतका जोर द्यायची. वडील जमिनीकडे बघत ऐकत होते. स्वतःच्या लेकीचं बोलणं त्यांना परकं वाटत असावं. मी सेवेत रक्त पाहिलं, प्रेतं पाहिली. पण धडधाकट माणसाची बोली त्याच्या तोंडातून काढून घेतलेली मी तेव्हा पहिल्यांदा पाहिली.

गुन्हा नोंदवून त्या खात्यांची माहिती कंपनीकडे मागवली. परदेशी कंपन्यांची उत्तरं त्यांच्या सवडीने येतात. तोपर्यंत खात्यावरचा सगळा मजकूर छापून घेतला आणि त्याचा रीतसर पंचनामा केला. त्या छापील कागदांवर एक गोष्ट सगळ्यांच्या नजरेत आली. प्रत्येक तुकड्याखाली लोकांच्या हसण्यानंतर खातेदार स्वतः इंग्रजीत तीन अक्षरं टाकायचा. के, ई, के. बाकी काही नाही. आमचे हवालदार म्हणाले, "साहेब, केकचं स्पेलिंग चुकलंय. बेकरीवाला असंल." दुसऱ्याला ती कुणाच्या नावाची आद्याक्षरं वाटली. दोन्ही बाजूंनी चौकशी करून बघितली, काही निघालं नाही.

अशात एक प्रतिष्ठित गृहस्थ मला भेटायला आले. शहरात दहावी-बारावीच्या गणिताचा मोठा क्लास चालवणारे सर. वय चाळिशीच्या आसपास, इस्त्रीचा शर्ट, बोलणं स्वच्छ. रिक्षांच्या मागे त्यांच्या क्लासच्या जाहिराती असायच्या.

"साहेब, हा सगळ्या शिक्षकी पेशाचा अपमान आहे. मला राहवलं नाही," ते म्हणाले. त्यांनी एका इंजिनिअरिंगच्या विद्यार्थ्याचं नाव सांगितलं. "माझाच जुना विद्यार्थी. हुशार आहे, पण वाया गेलेला. लोकांच्या टिंगलीची चित्रं बनवून टाकतो. हे काम त्याचंच. फक्त माझं नाव कुठे येऊ देऊ नका."

खबर देणाऱ्याचं नाव गुप्त ठेवणं हा आमचा नियमच. पण खबर देणारा ती का देतो, हा प्रश्नही मी कधी सोडत नसे. चोरीची खबर चोराचा भागीदार देतो, दारूची खबर शेजारचा दारूवाला देतो. सरांचे आभार मानून मी त्यांना निरोप दिला आणि त्या मुलाला नोटीस पाठवून चौकशीला बोलावलं.

तो वडिलांबरोबर आला. वडील टॉवेलच्या कारखान्यात कामाला, घरी तेलुगू बोलणारं कुटुंब. ते दारातच हात जोडून उभे राहिले. त्यांना बाहेर बाकावर बसवलं. मुलगा मात्र खुर्चीत बसताना हसत होता. ते हसणं भीतीचं होतं, हे इतक्या वर्षांच्या नोकरीत कळतं. तरी मी त्याला म्हणालो, "हसू येतंय ना? मग हसण्याबद्दलच बोलू."

त्याचा मोबाइल पंचांसमक्ष ताब्यात घेतला होता. त्यात टिंगलीची चित्रं होती. त्या शिक्षिकेचा एक तुकडाही त्याने मित्रांच्या ग्रुपवर पाठवला होता. खाली कवटीचं चित्र.

"ही कवटी कशाला? तिला मारायची धमकी आहे का?"

त्याचा चेहरा उतरला. "नाही सर. कवटी म्हणजे मी मेलो. हसून हसून मेलो."

मी छापील कागद त्याच्यापुढे सरकवले. "मग सगळंच सांग. मला यातलं काही कळत नाही. हे लोक काय लिहितात, त्याचा अर्थ सांग."

तो कागद उलटत गेला आणि मी विचारत गेलो. एल-ओ-एल म्हणजे मोठ्याने हसणं, पण त्याच्या म्हणण्यानुसार आता ते लिहिणारं कुणी हसतच नाही. वाक्य संपलं की पूर्णविरामासारखं टाकतात. जमिनीवर लोळून हसण्याची चार अक्षरं वेगळी. ती जुनी झाली. डोळ्यांतून पाणी येणारा पिवळा चेहरा आई-वडिलांच्या ग्रुपवरचा, पोरं वापरत नाहीत. एका ठिकाणी 'लुल्झ' होतं. ते दाखवताना तो अडखळला.

"हे म्हणजे काय?"

"म्हणजे... गंमत म्हणूनच करायचं. समोरच्याला त्रास झाला की त्यातच मजा."

"अशा मजेला शब्द आहे?"

"आहे सर."

हसण्याला इतके शब्द, आणि त्यातला एकही सोबत हसण्याचा नाही. प्रत्येकात कुणीतरी खाली पडलेलं आहे आणि वरून कुणीतरी बघतं आहे. मला मनातून चीड आली, पण चौकशीत चीड दाखवून चालत नाही. मी शेवटची तीन अक्षरं दाखवली.

"हे काय? केक?"

तो कागदाजवळ वाकला. "हे आमचं नाही, सर. हे फार जुनं आहे. आता कुणी लिहीत नाही."

"कुणाचं आहे?"

"एक जुना गेम होता, कॉम्प्युटरवर लोक एकत्र खेळायचे. त्यात दोन बाजू. एका बाजूचं बोलणं दुसऱ्या बाजूला कळू नये म्हणून गेम अक्षरं बदलायचा. विरुद्ध बाजूच्याने हसण्याचं एल-ओ-एल लिहिलं, की आपल्याला के-ई-के दिसायचं. म्हणजे शत्रू आपल्याला हसतोय एवढंच कळायचं. मग लोक ते मुद्दाम लिहायला लागले. खिजवायला. ते लिहिणारा माझ्या वयाचा नसणार सर, चांगला मोठा माणूस असणार."

एवढं बोलून तो थांबला. काहीतरी आठवत असल्यासारखा कागदाकडे बघत राहिला.

"बोल की," मी म्हणालो.

"आमच्या क्लासचे सर म्हणायचे हे. फळ्यावर गणित चुकलं की म्हणायचे, 'केक.' आम्हाला वाटायचं, बक्षिसाचा केक. सगळे हसायचे, म्हणून मीपण हसायचो. माझं मराठी तेव्हा नीट नव्हतं. मी घरच्यासारखं बोललो की सर मला फळ्यापाशी उभं करून तेच वाक्य पुन्हा म्हणायला लावायचे. मग म्हणायचे, 'केक.' नंतर मी एकदा भांडलो आणि क्लास सोडला."

"कुठला क्लास?"

त्याने नाव सांगितलं. ते नाव ऐकून उपनिरीक्षकांनी माझ्याकडे बघितलं, मी त्यांच्याकडे.

एका शब्दावरून कुणाला आरोपी करता येत नाही. शब्दाने फक्त दिशा मिळते. उपनिरीक्षकांनी क्लासच्या जाहीर पानावरची जुनी उत्तरं तपासायला घेतली. तिथे मुलं शंका विचारायची आणि सर उत्तर द्यायचे. अनेक उत्तरं चांगली, सविस्तर होती. आणि मध्येच, एखाद्या चुकलेल्या मुलाला उत्तर देताना, शेवटी तीच तीन अक्षरं. पुढे कंपनीचं उत्तर आलं. बनावट खाती ज्या इंटरनेट जोडणीवरून चालत होती, ती त्या क्लासच्या कार्यालयाची निघाली. आम्ही पंच घेऊन तिथे गेलो. सरांच्या खोलीतल्या संगणकात ते तुकडे कापण्याआधीचे, अर्धवट जोडलेले, आवाज बसवून बघितलेले, सगळे सापडले. नाव बदलता येतं, फोटो बदलता येतो, नंबर बदलता येतो. पण हसण्याची सवय माणसाला बदलावी असं वाटतच नाही, कारण हसताना आपण काही चूक करतो आहोत असं त्याला वाटत नसतं.

चौकशीत सर सुरुवातीला वकिलाशिवाय बोलणार नाही म्हणाले. तो त्यांचा हक्क होता. वकील आल्यावर म्हणाले, "साहेब, विनोद होता. मी फक्त हसलो."

"त्या अक्षरांचा अर्थ काय?"

"काही नाही. नुसतं हसणं."

"शत्रूचं हसणं ना?"

त्यांचा आवाज चढला. "तुम्हाला पटतं का, साहेब? 'हाय', 'न्हाय' करत बीजगणित शिकवायचं? आम्ही वर्षानुवर्षं मेहनत करून भाषा कमावली. आणि ही खेड्यातून येते, मोबाइल समोर धरते आणि मॅडम होते. मुलं मला सांगतात, त्या मॅडमचं जास्त समजतं. विषयाची काही इभ्रत आहे की नाही?"

"आणि तिच्या तोंडी जी वाक्यं घातलीत, त्यात कुठल्या विषयाची इभ्रत होती?"

ते वकिलाकडे बघू लागले. ज्या मुलाने त्यांच्याशी भांडून क्लास सोडला होता, त्याचंच नाव त्यांनी माझ्यापुढे ठेवलं होतं. तो हिशेब मी विचारला, तर तेव्हाही त्यांनी वकिलाकडेच बघितलं.

सरांना अटक केल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ठाण्यात एक म्हातारी आली. नऊवारी, हातात डब्याची पिशवी. अकलूजकडच्या एका गावातून पहाटेची गाडी धरून आली होती. माझ्या टेबलासमोर उभी राहून तिने विचारलं, "साहेब, माजा ल्योक कुटं ठिवलाय? मास्तर हाय त्यो. त्यानं काय बी केलं न्हाय."

मी तिला बसायला सांगितलं आणि सरांना भेटीसाठी आणवलं. ती उठली, "आरं, जेवलास का न्हाय?" म्हणत पुढे झाली. सरांनी आधी माझ्याकडे बघितलं, मग खोलीतल्या इतरांकडे. मग तिला हळू आवाजात म्हणाले, "आई, तू इथे काही बोलू नकोस."

"का बरं? काय वंगाळ बोलले मी?"

"बोलू नकोस म्हटलं ना."

म्हातारी गप्प झाली. डबा टेबलावर ठेवून कोपऱ्यातल्या खुर्चीत बसली आणि भेट संपेपर्यंत तिने तोंड उघडलं नाही. मी त्या माणसाला पुष्कळ ऐकवू शकलो असतो. ऐकवलं नाही. वर्दीत असताना काही गोष्टी गिळाव्या लागतात. पण आईला गप्प करणारा तो आवाज मी आजही माफ करू शकलेलो नाही.

दोषारोपपत्र वेळेत गेलं. सरांना जामीन मिळाला, खटला चालू राहिला, मी निवृत्त झालो. क्लासच्या पाटीवर आता दुसऱ्याचं नाव आहे. तो इंजिनिअरिंगचा मुलगा सरकारी पक्षाचा साक्षीदार झाला. साक्षीच्या दिवशी न्यायालयाच्या आवारात तो त्या शिक्षिकेसमोर जाऊन उभा राहिला आणि म्हणाला, "मॅडम, मीपण एक पुढे पाठवला होता." ती म्हणाली, "ठावं हाय मला." एवढंच. तिने त्याला माफ केलं की नाही, हे मला सांगता येणार नाही. ती आता माढ्याकडे एका शाळेत शिकवते. धडे पुन्हा टाकायला लागली आहे आणि तिच्या बोलीतच टाकते, असं तिच्या वडिलांनी फोनवर सांगितलं.

पण मला जे सांगायचं आहे ते सरांबद्दल नाही. त्या माणसाला कायद्याने गाठलं. तपासात तुकडे पसरवणाऱ्या काही लोकांना जबाब नोंदवायला मी ठाण्यात बोलावलं होतं. त्यात एक डॉक्टर होते, एका बँकेतल्या बाई होत्या, एक निवृत्त मुख्याध्यापक होते, त्या मुलीच्या गावचा एक तरुण होता. सगळी सभ्य माणसं. प्रत्येकाला मी त्याने लिहिलेलं हसणं दाखवलं आणि विचारलं, "हे तुम्ही का लिहिलं?"

डॉक्टर कागद डोळ्यांजवळ नेऊन म्हणाले, "मी लिहिलंय हे? मला आठवतच नाही हो." बँकेतल्या बाई म्हणाल्या, "बसमध्ये असेन, सहज दाबलं गेलं असेल." मुख्याध्यापकांना चित्रफीत पुन्हा दाखवावी लागली, तरी आठवेना. गावचा तरुण म्हणाला, "सगळेच टाकत होते, साहेब." एकालाही लाज वाटली नाही, कारण लाज वाटायला आधी आठवावं लागतं.

कुणाची नावं कागदावर होती याची खात्री करायला मी त्या मुलीलाही ते कागद दाखवले होते. तिने ते हातात घेतले नाहीत. खिडकीकडे बघत तिने डॉक्टरांचं नाव सांगितलं, त्यांनी कसलं हसू लिहिलं होतं ते सांगितलं, मग बाईंचं, मग मुख्याध्यापकांचं, मग तिच्या गावच्या त्या तरुणाचं, ज्याला तिने लहानपणी पाढे शिकवले होते. ओळीने, एकही न चुकता. मी कागदावर बोट ठेवून पडताळत होतो. कागदावरची नावं संपली तरी ती थांबली नव्हती.